जोडावरची शाई

माझ्या हुद्द्याचं नाव होतं फिल्म तपासनीस. नोकरी लागली तेव्हा माझ्या सासूबाई वर्षभर मोहल्ल्यात सांगत फिरल्या, की आमची बहू पोलिसात आहे. मीही कुणाला दुरुस्त केलं नाही. भाजीवाला नीट तोलून द्यायचा, मग उगाच कशाला बोला?

खरं सांगायचं तर मी औरंगाबादेतल्या एका सरकारी फिल्म-भांडारात एकतीस वर्षं एकाच टेबलाशी बसून फिल्म चाचपली. सिनेमाची नव्हे हो! लगेच नटनट्यांच्या गोष्टी विचारू नका. आमच्याकडं शहाणं करणाऱ्या फिल्म असायच्या. माश्यांपासून होणारे रोग, सूर्यग्रहण कसं लागतं, विहिरीचं पाणी उकळून का प्यावं. शाळा, वसतिगृहं, ग्रामपंचायती त्या उसन्या न्यायच्या. पत्र्याचे डबे एसटीनं जायचे, एसटीनंच परत यायचे, आणि परत आलेली प्रत्येक फिल्म आधी माझ्या हाताखालून जायची. डाव्या चकतीवरून उजव्या चकतीवर गुंडाळायची आणि मधे तिच्या कडा अंगठा आणि बोटाच्या चिमटीत धरायच्या. डोळ्यांनी बघत बसायचं नाही, बोटानं बघायचं. कुठं भोक फाटलंय, कुठं जोड सुटायला आलाय, हे बोटाला आधी कळतं. बोट अडकलं की थांबायचं आणि दुरुस्त करायचं.

नसीम नावाची बाई दिवाळी अंकात मराठीतून कशी लिहिते, असं कुणाला वाटलं तर तेही सांगून टाकते. माझे अब्बा निजामाच्या अमदानीत कचेरीत नकलनवीस होते. पोलीस ॲक्शन झाली, कचेरीची जबान बदलली, आणि उर्दूत मोत्यासारखं अक्षर असलेला तो माणूस चाळिशीत मराठी बाराखडी गिरवायला बसला. मला शाळेत घालायची वेळ आली तेव्हा अम्मी म्हणाली, उर्दू शाळेत घाला. अब्बा म्हणाले, ‘‘नक्को. अब दफ्तर मराठी बोलता, छोकरी बी मराठी बोलेगी.’’ म्हणून मी मराठी शाळेत. आजही हिशेब मराठीत करते आणि भांडण दखनीत. दखनीत भांडण लवकर संपतं.

आता थोडं कामाचं समजावून सांगते, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. आमची फिल्म म्हणजे बोटभर रुंदीची लांबच लांब पट्टी. मधे चित्रं, एका कडेला भोकं आणि दुसऱ्या कडेला आवाज. हो, आवाज! तो डोळ्यांना दिसतो. दातेरी पांढरी रेघ असते. फिल्म दाखवायच्या मशीनमध्ये एक छोटा दिवा असतो, त्याचा उजेड या रेघेतून पलीकडं जातो आणि उजेड कमी-जास्त होईल तसा आवाज निघतो. मशीनला बिचारीला शब्द कळत नाही की गाणं कळत नाही. तिला उजेड कळतो आणि अंधार कळतो. उजेड अचानक घुसला की ती ओरडते.

आणि उजेड घुसतो कुठून? जोडातून. फिल्म तुटली की दोन्ही टोकांचा थर ब्लेडनं खरवडायचा, सिमेंट, म्हणजे फिल्म चिकटवायचं पातळ द्रावण, लावायचं, एकावर एक दाबून धरायचं. पण कितीही नीट केलं तरी जोडापाशी केसाएवढी फट राहते. ती दिव्यासमोर आली की सगळ्या हॉलमध्ये ‘धप्प’ असा आवाज होतो. म्हणून त्या जागी, आवाजाच्या कडेवर, पक्क्या काळ्या शाईनं एक बारीक त्रिकोण काढायचा. त्यामुळं अंधार तिरका तिरका येतो, तिरका तिरका जातो आणि मशीनला पत्ता लागत नाही. खरवडणं, सिमेंट, दाब, शाई. चार गोष्टी मिळून एक जोड. आमचे मुळे साहेब मला पहिल्याच दिवशी म्हणाले होते, ‘‘नसीमबाई, शाई लावली नाही तर जोड झालाच नाही असं समजा.’’ ते माझ्या हाडात गेलं. माझा त्रिकोण तांदळाच्या कणीएवढा असायचा. साहेब तो भिंगातून बघायचे आणि काही न बोलता पुढं सरकवायचे. ते काही बोलले नाहीत म्हणजे पसंत, असा त्यांचा हिशेब होता.

गिऱ्हाइकं एकेक नमुना भेटली. एक गुरुजी होते सिल्लोडकडचे. भूगोलाची एक फिल्म ते वर्षातून दोनदा न्यायचे आणि दर वेळी ती वीतभर कमी होऊन परत यायची. तुटली म्हणून जोडली, असं लिहून द्यायचे. चौथ्यांदा मी कोर्टातल्या वकिलासारखी विचारपूस केली तेव्हा माणूस कबूल झाला. फिल्ममध्ये समुद्र होता. त्यांच्या शाळेतल्या एकाही पोरानं समुद्र पाहिला नव्हता. गुरुजींनीही नव्हता. मग ते समुद्राचे तुकडे कापून वर्गाच्या खिडकीच्या काचेला चिकटवायचे. ऊन आलं की पोरं एकेक करून काचेला डोळा लावायची. आता याला काय बोलावं? त्यात आणखी गंमत अशी, की आमच्या फिल्ममध्ये चित्राचा आवाज त्याच्या शेजारी नसतो, सेकंदभर अंतरावर असतो. त्यामुळं समुद्र कापला की आवाज भलताच कापला जायचा. शेवटी शेवटी त्या फिल्ममधला निवेदक ‘आपल्या देशाच्या तिन्ही बाजूंना’ एवढं म्हणून एकदम गव्हावर यायचा. मी त्या गुरुजींना रागावले, आणि त्यांचं नाव मात्र वर कळवलं नाही.

दुसरी गोष्ट लासूर स्टेशनची. तिथल्या एका शाळेतून माश्यांची फिल्म परत आली. गुंडाळताना बोट अडकलं. बघते तर काय, फिल्म शिवलेली! शिलाई मशीनवर, दोऱ्यानं, चार बोटं एकावर एक घेऊन दोन्ही कडांना झकास टिपा मारलेल्या. मी अहवालाच्या कार्डावर लाल शाईनं असं काही लिहिलं, की आठवडाभरात हेडमास्तर स्वतः हजर. सोबत एक म्हातारबाबा, गळ्यात टेप. फिल्म शिवणारे हेच ते गफूर मास्टर, शाळेसमोरचे शिंपी.

‘‘बाई, शिलाई उसवली का?’’ त्यांनी पहिला प्रश्न केला.

‘‘नाही उसवली.’’

‘‘मग चूक काय झाली ते सांगा. धागा बी काळा घेतला, दिसू नाय म्हणून.’’

मला हसू आवरेना. म्हटलं चला, चूक ऐकवतेच. मशीनवर फिल्म चढवली, शिलाई अडकली तर म्हणून बंद करायच्या बटणावर हात ठेवून. निवेदक बाई सांगत होत्या की अन्न झाकून ठेवा, आणि एकदम ‘टर्रर्र’ असा आवाज झाला. सुईची भोकं आवाजाच्या रेघेवरून ओळीनं गेलेली, त्यांतून उजेड घुसला होता. गफूर मास्टर खुर्चीवरून उठलेच. ‘‘अगे, ये तो मेरी मशीन बोल रही!’’ आणि खरंच, हुबेहूब शिलाई मशीनचा आवाज होता तो. मला म्हणाले, आणखी एकदा लावा. मी तीनदा लावला. मग ते खुश होऊन गेले आणि मी तो तुकडा कापला, कचऱ्याच्या टोपलीत टाकला आणि नीट जोड दिला, शाईसकट. त्या टोपलीची मला आज फार आठवण येते.

व्हिडिओ आला, मग सीडी आली, आणि डबे बाहेर जायचे थांबले. नोकरीच्या शेवटच्या वर्षांत मी फक्त धूळ झटकली. बंद डब्यांतल्या फिल्म सडतात तेव्हा त्यांना सिरक्याचा वास येतो. सकाळी कुलूप काढलं की लोणच्याची बरणी उघडल्यासारखं व्हायचं. मग वरून हुकूम आला, निकामी माल काढून टाका. यादी माझ्याच हातची. प्रत्येक नावापुढं ‘दुरुस्तीपलीकडे’ असं मीच लिहिलं. काही खरंच दुरुस्तीपलीकडे होत्या, काही नव्हत्या, पण कुणी तपासणार नव्हतं आणि माझंही मन उडालं होतं. ते मला अजून लागतं. यादीत नसलेले, कोऱ्या काळ्या पट्टीचे सहा डबे उरले होते. फिल्मच्या सुरुवातीला-शेवटी जोडायची ती पट्टी, तिच्यावर काहीच नसतं. ते तेव्हाच्या साहेबांना विचारून मी घरी आणले. माझी सून म्हणाली, अम्मी, यात पीठ तरी भरता येईल का? म्हटलं, नाही, आणि कपाटावर ठेवून दिले.

तिथं ते डबे सात-आठ वर्षं पडले होते, तोवर ऋतुजा आली. पाचोडची मुलगी, इथं एका शाळेत चित्रकला शिकवायची. जुना बाजारातल्या भंगारवाल्यानं तिला एक सोळा एमएमची मशीन विकली होती आणि वर फुकट माझा पत्ता दिला होता. रोशन गेटच्या आमच्या घरात येऊन तिनं पिशवीतून फिल्मची एक गुंडाळी काढली आणि माझ्या हातात दिली. मी सवयीनं कडा चाचपल्या आणि हात झटकलाच. आख्खी फिल्म ओरबाडलेली! दाभणानं रेघोट्या मारलेल्या, कुठं रंग फासलेला, आवाजाच्या कडेवर तर ब्लेडनं काप घेतलेले.

‘‘या अल्ला! कुणी केलं हे?’’

‘‘मी,’’ ती म्हणाली. ‘‘ऐकता का, आपा?’’

दुसऱ्या दिवशी मशीन रिक्षात घालून घेऊन आली. आमच्या बैठकीत पडद्याऐवजी चादर लावली. रेघोट्या नाचायला लागल्या, आणि आवाज! कधी भुंग्यासारखा, कधी पत्र्यावर खडे पडल्यासारखा. कॅमेरा नाही, माइक नाही. ब्लेडचे काप जवळ जवळ घेतले की बारीक आवाज, लांब लांब घेतले की जाड, एवढं तिनं स्वतःच शोधून काढलं होतं. आम्ही फिल्मला ओरखडा पडू नये म्हणून उन्हाळ्यातसुद्धा पातळ सुती हातमोजे घालायचो आणि ही बया दाभण घेऊन बसते! मी म्हटलं, ‘‘बेटा, हा सगळा बिघाड आहे.’’

‘‘व्हय. बिघाडच पाहिजे मला,’’ ती म्हणाली आणि हसली.

मला त्यातलं किती कळलं माहीत नाही, पण पोरगी आवडली. हात हलका होता तिचा. मी तिला कपाटावरचे सहाही डबे देऊन टाकले. गफूर मास्टरांची गोष्ट सांगितली तेव्हा तिनं कपाळावर हात मारून घेतला. ‘‘आपा, आन् तुम्ही तो तुकडा फेकला?’’ असं तिनं निदान दहा वेळा विचारलं असेल.

मग ती दर रविवारी यायला लागली. जोड द्यायला शिकायचं होतं तिला. शाई कशी लावायची तेही मी शिकवायला बसले, तर म्हणाली, ते नंतर बघू. खरवड मात्र ती फार रुंद घ्यायची. मी ओरडायचे, ‘‘अगं, किती खरवडतेस? म्हैस जाईल एवढी फट राहील.’’ ती फक्त मान हलवायची. आजकालच्या पोरांना शिकवणं अवघडच, असं मी मनात म्हणायचे.

या रविवारांत तिनं आईची हकीकत सांगितली. शांताबाई. पाचोडजवळ मळा, विहिरीवर डिझेलचं इंजिन. वडील बाहेरगावी कामाला, त्यामुळं इंजिन आईच चालवायची. जड हँडल मारायचं, गती आली की दट्ट्या सोडायचा, मग पहिला धप्प, थोडा दम, दुसरा, तिसरा, असं करत ते धडधडायला लागायचं. वर्षानुवर्षं त्याच्या शेजारी उभं राहून बाईचे कान गेले. आता कानाशी ढोल वाजवला तरी ऐकू येत नाही. पुढं विजेची मोटार आली, इंजिन भंगारात गेलं. पण आई अजून सकाळी विहिरीपाशी जाते, काठावर तळवे टेकून उभी राहते आणि म्हणते, इंजिन असतं तर जमिनीतून कळायचं तरी, काहीतरी चालू आहे.

‘‘मी तिच्यासाठी करतेय, आपा,’’ ऋतुजा म्हणाली. ‘‘इतकी वर्षं मी काय करते हे तिला सांगता आलं नाय. चित्र दाखवलं तर चांगलंय म्हणते. पण फिल्ममधून इंजिन वाजलं तर तिला जमिनीतून कळंल. एकदा तरी कळायला पाहिजे.’’

इंजिनाचा आवाज ती कुठून आणणार हे मी विचारलं नाही. मला वाटलं, काढेल आवाजाच्या कडेवर काप घेऊन, जसे बाकीचे आवाज काढते तसा. मला ठाऊक होतं की फिल्म तिच्या आईसाठी आहे. हे लिहून ठेवते, कारण पुढं जे केलं ते न कळून केलं असं मला म्हणता येत नाही.

एका वाचनालयाच्या सभागृहात कार्यक्रम ठरला. आदल्या दिवशी ऋतुजा रीळ घेऊन आली. आठ महिन्यांचं काम, आणि दुसरी प्रत नाही. ‘‘आपा, मशीनमधे जोड सुटतील अशी भीती वाटते. तुम्ही तेवढे पक्के करून ठेवा. बाकी कशाला हात लावू नका,’’ असं म्हणून ती हॉल बघायला गेली.

मी दार लावलं, हातमोजे घातले, भिंग काढलं. सात-आठ वर्षांनी अशी एकटी तपासणीला बसले होते. रीळ फिरवलं. आधी रेघोट्यांचा भाग होता, तो ठीक. मग माझीच काळी पट्टी आली आणि तिच्यात जोडच जोड! आधी लांब लांब, मग जवळ जवळ, आणि प्रत्येकात उजेडाची ढळढळीत फट. मला पोरीची दया आली. इतकं काम केलं आणि जोडांत नापास झाली. आई समोर बसणार, आणि हॉलमध्ये नुसती धप्प धप्प होणार! मी प्रत्येक जोडाला नव्यानं सिमेंट दिलं, दाबलं. आणि प्रत्येकावर शाई लावली. बाकी कशाला हात लावायचा नव्हता, आणि मी लावला नाही. शाई म्हणजे जोडच. त्रिकोण तांदळाच्या कणीएवढेच आले. त्या संध्याकाळी मी फार खुशीत होते. मुळे साहेब असते तर भिंगातून बघून काही बोलले नसते.

दुसऱ्या दिवशी सकाळी हॉलमध्ये चाचणी. रेघोट्यांचा भाग छान गेला. मग पडदा काळा झाला, आणि त्या काळ्यात एक पांढरी रेघ लकाकून गेली. थोड्या वेळानं दुसरी. तिसरी. आवाज काहीच नाही. मी मनात म्हटलं, वा! काय जोड आहेत. टाचणी पडेल तर ऐकू येईल. ऋतुजा मात्र आवाजाचं बटण फिरवत होती, वायरी हलवत होती, स्पीकरच्या खोक्याला कान लावत होती. मग तिनं मशीन थांबवली.

‘‘आपा, शाई लावली तुम्ही?’’

‘‘लावली की!’’ मी म्हणाले. ‘‘एकही सोडला नाही.’’

ती ओरडली असती तर बरं झालं असतं. ती स्पीकरवर बसून राहिली, दोन्ही हात मांडीवर. म्हणाली, ‘‘ते इंजिन होतं, आपा.’’

मला कळायला वेळ लागला. आणि कळलं तेव्हा मी ते जोड मनात पुन्हा मोजायला लागले. पहिला धप्प, थोडा दम, दुसरा, तिसरा. लांब लांब, मग जवळ जवळ. रुंद खरवड मुद्दामची होती. ती पोरगी एकेक फट मोजून ठेवत होती आणि मी एकेक करून तिच्या आईचं इंजिन बंद केलं होतं, तेही भिंग लावून!

‘‘बेटा, माफ कर मला,’’ मी म्हणाले. ‘‘मेरी मत मारी गई थी.’’

‘‘तुमची नाय चूक. मी सांगायला पाहिजे होतं,’’ ती म्हणाली. पण चेहरा उतरला होता. ‘‘आई दुपारच्या गाडीनं निघंल. संध्याकाळी इथं असणार ती.’’

शाई स्पिरिटनं निघते. पण स्पिरिट लागलं तर सिमेंट सुटतं, रंगही जातो. मग एकच उपाय, ब्लेड. कोरडं खरवडायचं, फक्त शाई जाईल आणि फिल्मला भोक पडणार नाही इतक्या हलक्या हातानं. आम्ही हॉलमधलं टेबल खिडकीशी ओढलं. ऋतुजा फिल्म उजेडात धरायची, मी खरवडायचे. आयुष्यभर ज्या कामाचा तोरा मिरवला, तेच काम मी माझ्या हातानं एकेक करून काढत होते. खोटं कशाला बोलू, डोळ्यांतून पाणी येत होतं आणि भिंगावर पडत होतं. ऋतुजा ते ओढणीनं पुसायची. जेवलो नाही. चहा आला तो तसाच गार झाला. पुन्हा चाचणी घ्यायला वेळच उरला नाही. शेवटचा जोड झाला तेव्हा माणसं दारात चपला काढत होती.

शांताबाई आल्या. बारीक चणीची बाई, हिरवं लुगडं, पिशवीत शेंगा. लेकीनं त्यांना खुर्चीवर न बसवता स्टेजच्या लाकडी फळ्यांवर बसवलं, स्पीकरच्या खोक्याला टेकून. त्यांनी पाय उघडे करून फळीवर ठेवले आणि इकडं तिकडं बघायला लागल्या, आता काय करणार हे लोक, अशा नजरेनं. मी मशीनच्या बाजूला उभी होते. माझं लक्ष पडद्याकडं नव्हतंच.

रेघोट्या झाल्या. पडदा काळा झाला.

धप्प!

खरवडलेल्या शाईमुळं आवाज जरा खरखरीत आला, खोकल्यासारखा. शांताबाईंची मान वर झाली. दुसरा धप्प. त्यांनी डावा तळवा फळीवर टेकवला. तिसरा झाला, आणि तो हात फळीवरून उचललाच नाही त्यांनी. मग आवाज जवळ जवळ यायला लागले, धडधड सुरू झाली, सगळी फळी थरथरायला लागली. बाईचा उजवा हात हवेत आला आणि न दिसणारं काहीतरी धरून आपोआप खाली-वर व्हायला लागला. ओठ पुटपुटत होते. ऋतुजा पडद्याच्या बाजूला उभी राहून आईकडं बघत होती आणि दोन्ही हातांनी तोंड दाबून रडत होती. मीही रडत होते. हॉलमधल्या चाळीस माणसांना काय वाटत होतं देव जाणे. नंतर पुण्याहून आलेले एक गृहस्थ उठून बराच वेळ बोलले, त्यातला ‘अवकाश’ हा शब्द तेवढा माझ्या लक्षात राहिला.

ते बोलत असतानाच शांताबाई लेकीला म्हणाल्या, आणि बहिऱ्या माणसाचं हळू बोलणं म्हणजे सगळ्या हॉलला ऐकू जाणारं:

‘‘इंजिन चांगलं हाय गं. पर मदी एकदा हुकलं. डिझेलात पाणी गेलंय का?’’

ऋतुजा हसली आणि मानेनं नाही म्हणाली.

‘‘नाय कसं? चालू होताना हुकलं. तीन धप झाले आन् चौथा गेला कुठं? मला काय कळत नाय व्हय? हँडल मी मारलंय, तू नाय.’’

मला राहवेना. मी रीळ मशीनवरून उतरवलं, टेबलावर घेतलं आणि हातानं फिरवत काळ्या पट्टीपर्यंत आले. पहिला जोड. दुसरा. तिसरा. चौथ्यावर शाई होती! आमच्या घाईत तो एक राहून गेला होता. ऋतुजाला चुकलेलं कळलं नाही, मला नाही, पुण्याच्या गृहस्थांना तर नाहीच. एकतीस वर्षं मी हे त्रिकोण काढले, हजारो काढले असतील. लाखो पोरांनी त्या फिल्म पाहिल्या आणि कुणाच्या कधी लक्षात आलं नाही, की इथं कुणीतरी एक आवाज मिटवलाय. ते लक्षात आलं पाचोडच्या या एका बाईच्या. त्यांना अजिबात ऐकू येत नव्हतं. मला त्या क्षणी इतका आनंद झाला, की त्याची मला लाजच वाटली.

मी ती फिल्म दिव्यासमोर धरून शांताबाईंना दाखवली. ऋतुजानं ओठांनी आणि हातांनी त्यांना सांगितलं, की हा काळा ठिपका या आपांनी लावला, त्यामुळं एक धप आलाच नाही. मी पर्समधून ब्लेड काढलं आणि खूण केली, की आत्ता काढते, एक मिनिट लागेल.

शांताबाईंनी तो ठिपका डोळ्याजवळ नेऊन नीट पाहिला. मग माझ्याकडं पाहिलं, पदर सारखा केला आणि माझं मनगट धरलं.

‘‘इंजिनात खोट नाय ना? मग झालं,’’ त्या म्हणाल्या. ‘‘तुमच्या हातचं हाय तर असू द्या, आपा. लई बारीक काढलंय.’’

मी ब्लेड पर्समध्ये ठेवून दिलं.